दिसत नाही ते ऐकू येतं : समुद्रातल्या आवाजांवर वाचकांचे प्रश्न

मागच्या अंकात पाण्याखाली मायक्रोफोन सोडून समुद्रातले जीव कसे शोधतात यावर थोडक्यात लिहिलं होतं. हायड्रोफोन म्हणतात त्या मायक्रोफोनला. माझं कामच ते आहे, कोकण-गोव्याच्या पाण्यात रेकॉर्डर ठेवायचा, काढून आणायचा आणि मग हेडफोन लावून ऐकत बसायचं. लेखावर बरेच प्रश्न आले, सगळ्यांना जागा देता येत नाही म्हणून सारखे प्रश्न एकत्र केलेत. काही उत्तरं लांबलीयेत, विषयच तसा आहे.

प्रश्न : ताई, मी पर्यटकांना स्नॉर्कलिंग आणि स्कूबाला नेतो. पाण्याखाली जाऊन आलेला प्रत्येक जण म्हणतो किती शांत वाटलं. तुम्ही लिहिलंत की समुद्र कधीच गप्प नसतो. मग आम्हाला का ऐकू येत नाही आणि तुम्ही नक्की काय ऐकता?
— एक गाईड, मालवण

उत्तर : दादा, स्कूबा करताना श्वास रोखायचा नसतो हे मी तुम्हाला सांगायला नको, त्यामुळे बुडबुड्यांचा आवाज राहणारच आणि बाकी सगळं त्याखाली दबून जाणार. पण कधीतरी नुसतं स्नॉर्कल लावून खडपाच्या अगदी जवळ तरंगत रहा, इंजिन बंद असू दे, आणि कान द्या. कढईत मोहरी तडतडते ना, तसा बारीक न थांबणारा आवाज येईल. ती आहे पिस्तूल कोळंबी. बोटाएवढीच असते, एक नांगी लहान आणि एक भलीमोठी. ती मोठी नांगी इतक्या झटक्यात मिटते की पाण्याची चिळकांडी उडते, त्या वेगामुळे एक बुडबुडा तयार होतो आणि आपल्याला जो कडकडाट ऐकू येतो तो हा बुडबुडा फुटल्याचा असतो. २००० साली हाय स्पीड कॅमेऱ्याने शूटिंग करून हे दाखवलं गेलं, आणि पुढच्याच वर्षी कळलं की तो फुटताना क्षणभर उजेडही पडतो कारण आतलं तापमान काही हजार अंशांवर गेलेलं असतं. दुसऱ्या महायुद्धात पाणबुड्यांचा माग काढणाऱ्यांना या कोळंब्यांचा इतका त्रास झाला की अमेरिकेने हा आवाज कुठून येतो हे शोधायला जीवशास्त्रज्ञ कामाला लावले होते.

आपल्याला कमी ऐकू येतं याचं कारण म्हणजे आपला कान हवेसाठी घडलेला आहे. पाण्यात आवाज सेकंदाला साधारण १५०० मीटर जातो, हवेत ३४० च्या आसपास, त्यामुळे दोन्ही कानांवर तो जवळजवळ एकाच वेळी पोचतो आणि कुठल्या बाजूने आला हेच मेंदूला उमगत नाही. हा वेग पहिल्यांदा नीट मोजला तो १८२६ मध्ये स्वित्झर्लंडच्या जिनिव्हा सरोवरात. कोलाडोन आणि स्टुर्म अशी दोघांची नावं. एका होडीतून पाण्यातली घंटा वाजवायची, त्याच क्षणी वर बंदुकीच्या दारूचा भडका उडवायचा, आणि तेरा-चौदा किलोमीटरवर दुसऱ्या होडीत बसलेल्याने भडका दिसल्यापासून पाण्यात बुडवलेल्या नळीतून घंटा ऐकू येईपर्यंतचा वेळ मोजायचा. उत्तर आलं सेकंदाला १४३५ मीटर, आणि त्या थंड, गोड्या पाण्यासाठी ते आजच्या मापाच्या अगदी जवळ आहे.

समुद्रात उजेड दोनशे मीटरच्या खाली फारसा उरत नाही, गढूळ किनाऱ्यावर तर हात लांब केला की बोटं दिसत नाहीत, पण आवाज मैलोन्मैल जातो. म्हणून तिथले प्राणी सगळी महत्त्वाची कामं आवाजावर करतात, आणि म्हणून आम्हीही.

प्रश्न : ताई, आमचं घर मासेमारीतलं. घोळ आणि ढोमा जाळ्यातून बोटीत घेतले की कुरकुर करतात ते मी स्वतः ऐकलंय. पाण्यातपण करतात का? आणि आमच्या बोटीवर फिश फाइंडर आहे तो आणि तुमचं मशीन एकच का?
— एक वाचक, सातपाटी

उत्तर : करतात, आणि पाण्यात जास्त करतात. घोळीचा बोत, म्हणजे पोटातली पिशवी, तुम्ही माझ्यापेक्षा जास्त वेळा हातात धरला असेल, ज्याला बाजारात एवढा भाव येतो तो. तोच बोत हवेने भरलेला असतो आणि त्याच्या बाजूचे खास स्नायू तो फार वेगाने थरथरवतात, त्यातून ती कुरकुर निघते. घोळ, ढोमा ही सगळी एकाच कुळातली मंडळी आणि आवाज काढणं ही या कुळाची खासियत. अंडी घालायच्या दिवसात नर एकत्र जमून एका सुरात सुरू होतात, बहुतेक वेळा संध्याकाळी अंधार पडता पडता. मेक्सिकोत कोलोरॅडो नदी जिथे समुद्राला मिळते तिथे याच कुळातले लाखो मासे दरवर्षी जमतात आणि तो गोंगाट एवढा मोठा असतो की होडीच्या तळातून माणसाला नुसत्या कानाने ऐकू येतो. मलेशियात तर पाण्यात डोकं घालून मासा कुठे आहे ते ऐकून सांगणारे अनुभवी लोक होते, त्यांच्या शब्दावर जाळं टाकलं जायचं.

आपल्याकडे गोव्याच्या राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्थेने, म्हणजे दोना पावलाच्या एनआयओने, ग्रँड आयलंड बेटाजवळ रेकॉर्डर ठेवून माशांचे असे सामूहिक आवाज टिपलेत. दिवस मावळला की एक जात सुरू होते, तिचा जोर ओसरतो, मग दुसरी.

आता फिश फाइंडरचं. तुमचं मशीन स्वतः आवाज सोडतं आणि परत येणारा प्रतिध्वनी पकडतं. माझा हायड्रोफोन काहीच सोडत नाही, नुसता ऐकतो. संशोधनाच्या जहाजांवर दोन्ही असतं. सोडलेला आवाज परत फिरवण्यात सगळ्यात मोठा वाटा त्या बोताचा, कारण पाण्यात हवा आली की आवाज तिथून जोरात परततो. म्हणून घोळीचा थवा स्क्रीनवर ठळक दिसतो. सुरमईला आणि मोरीला बोत नसतोच, त्यामुळे ते असूनही फिके दिसतात, हे तुमच्या तांडेलांना अनुभवाने ठाऊक असणार.

या तंत्राने एक शोध अगदी नकळत लागला. १९४२ च्या सुमाराला सॅन दिएगोजवळ अमेरिकन लोक पाण्यात आवाज सोडून प्रयोग करत होते तर जिथे तळ फार खोल असायला हवा तिथे काहीशे मीटरवरच तळासारखा पडदा दिसायला लागला, आणि संध्याकाळ झाली की तो तळ वर यायचा. मार्टिन जॉन्सन नावाच्या शास्त्रज्ञाने १९४५ मध्ये दाखवून दिलं की हे जिवंत प्राणी आहेत, छोटे मासे, कोळंब्या, माकूल, जे दिवसा खोल अंधाऱ्या पाण्यात लपतात आणि रात्री खायला वर येतात. सगळ्या जगाच्या समुद्रात रोज हे चालतं. पुढे २०१० मध्ये सुरू झालेल्या मालास्पिना नावाच्या स्पॅनिश मोहिमेत जहाजाने जगभर फिरत सतत आवाज सोडून मोजमाप घेतलं आणि २०१४ मध्ये मांडलं की या मधल्या थरातले मासे आधीच्या अंदाजाच्या निदान दहापट असावेत, म्हणजे शंभर कोटी टनांऐवजी हजार कोटी टन. आधीचा अंदाज जाळ्यांवरून केलेला होता आणि हे मासे जाळं येताना बघून बाजूला होत होते.

एक गोष्ट मात्र मनापासून सांगते. अंडी घालणारा थवा आवाजावरून सापडतो हे ज्ञान दोन्ही बाजूंनी वापरता येतं. बंदीचा काळ नेमका कधी हवा, कुठली खाडी सोडायला हवी हे त्यातून ठरवता येईल. आणि तोच थवा एका रात्रीत उचलताही येईल. म्हणून असे ठिकाणांचे नकाशे सरसकट सगळ्यांना वाटू नयेत, आधी मच्छीमार सोसायट्यांशी बसून बोलावं असं माझं ठाम मत आहे.

प्रश्न : देवमासे म्हटलं की डोळ्यासमोर अलास्का, नॉर्वे, ऑस्ट्रेलिया येतं. आपल्या अरबी समुद्रात खरंच राहणारे देवमासे आहेत का, की किनाऱ्याला लागतात ते वाट चुकून आलेले?
— एक वाचक, पुणे

उत्तर : आहेत, इथेच राहणारे आहेत, आणि या प्रश्नाला मी जास्त जागा घेणार आहे.

हंपबॅक देवमाशाचं उदाहरण घ्या. जगात इतर सगळीकडे हा देवमासा उन्हाळ्यात ध्रुवाकडच्या थंड पाण्यात जाऊन खातो आणि हिवाळ्यात हजारो किलोमीटर पोहून उबदार पाण्यात पिल्लं द्यायला येतो. अरबी समुद्रातले हंपबॅक हे करत नाहीत. याला कारण आपला मान्सून. नैर्ऋत्येचे वारे ओमानच्या किनाऱ्याला घासून वाहतात, वरचं पाणी बाजूला ढकललं जातं आणि खालचं थंड, खतावलेलं पाणी वर येतं, त्यावर खाद्य वाढतं. उबदार पाणी आणि भरपूर खाणं एकाच समुद्रात मिळाल्यावर ध्रुवाकडे जायची गरजच उरत नाही.

हे कळलं त्याची कथा मात्र फार वाईट आहे. १९६६ च्या नोव्हेंबरमध्ये सोव्हिएत युनियनच्या शिकारी जहाजांनी ओमान, पाकिस्तान आणि वायव्य भारताच्या किनाऱ्याजवळ बेकायदा शिकार केली, आधीच्या वर्षीचे चार धरून एकूण २४२ हंपबॅक मारले. ते आकडे लपवले गेले, सोव्हिएत युनियन कोसळल्यावर नव्वदच्या दशकात बाहेर आले. मारलेल्या माद्यांच्या पोटातल्या पिल्लांची मापं त्या नोंदींमध्ये होती आणि त्यावरून दिसलं की यांचा विणीचा काळ उत्तर गोलार्धाचा आहे, म्हणजे हे दक्षिणेकडून आलेले पाहुणे नव्हते. पुढे २०१४ मध्ये जनुकीय अभ्यासातून आलं की हा गट सुमारे ७० हजार वर्षं इतरांपासून तुटलेला आहे. आणि उरलेत किती तर ओमानच्या पाण्यात फोटोंवरून ओळख पटवून केलेला अंदाज होता ८२. एका समुद्रातून २४२ गेल्यावर उरलेला हा आकडा आहे, मी तो वाचते तेव्हा दर वेळी थांबते.

भारताच्या बाजूला त्यांचं काय, हे बराच काळ नीट कळत नव्हतं, अधूनमधून एखादा मेलेला किनाऱ्याला लागायचा, मुख्यतः तेवढाच पुरावा. मग २०१७ च्या मार्चमध्ये गोव्याला ग्रँड आयलंडजवळच्या उथळ पाण्यात ठेवलेल्या रेकॉर्डरमध्ये हंपबॅकचं गाणं सापडलं. श्याम मधुसूदन, बिश्वजित चक्रवर्ती आणि जी. लता यांनी ते २०१९ मध्ये प्रसिद्ध केलं. गाणं फक्त नर गातात, मुख्यतः विणीच्या मोसमात गातात, आणि त्याला ठरलेली रचना असते, सुटे सूर, सुरांची ओळ, ओळींचा गट, आणि तो गट परत परत. तेव्हा मार्चमध्ये गोव्यासमोर नर गातोय याचा अर्थ तो तिथून नुसता चाललेला नव्हता असं मानायला जागा आहे. २०१७ च्याच नोव्हेंबरमध्ये ओमानला एका हंपबॅकला सॅटेलाइट टॅग लावला, लुबान नाव दिलं, आणि लुबान अख्खा अरबी समुद्र ओलांडून डिसेंबरमध्ये गोव्याच्या बाजूला आली आणि किनाऱ्याने दक्षिणेला गेली. ज्या किनाऱ्यावर आपण सुट्टीला जातो त्याच्यासमोर हे चाललेलं असतं.

निळ्या देवमाशाचं पण तसंच. दिव्या पणिक्कर आणि कॅथलीन स्टॅफर्ड यांनी लक्षद्वीपला कवरत्तीजवळ रेकॉर्डर ठेवले, त्यात उत्तर हिंदी महासागरातल्या निळ्या देवमाशाचं गाणं मिळालं, पावसाळ्याच्या आधी एप्रिल-मेच्या सुमाराला सगळ्यात जास्त. २०२० मध्ये साल्वातोरे सेर्कियो आणि सहकाऱ्यांनी ओमानसमोर निळ्या देवमाशाचं एक वेगळंच, आधी कुठल्याच नोंदीत नसलेलं गाणं जाहीर केलं. निळ्या देवमाशाच्या प्रत्येक गटाचं गाणं वेगळं असतं, त्यामुळे नवं गाणं सापडणं म्हणजे नवा गट सापडणं. आणि २०२१ मध्ये हिंदी महासागरातल्या छागोस बेटांजवळचा आणखी एक गट कळला तो तर अणुचाचणीवर नजर ठेवायला समुद्रात बसवलेल्या हायड्रोफोनच्या जुन्या रेकॉर्डिंगमधून. वीस मीटरपेक्षा लांब प्राण्यांचे कळपच्या कळप, आणि ते माहीत झाले ते आवाजावरून, एकविसाव्या शतकात.

बोटीतून बघून हे का जमत नाही असं विचारलं जातं. देवमासा श्वासापुरता वर येतो आणि खाली जातो, आपल्याकडे जूनपासून समुद्र खवळलेला, सर्व्हेची बोट बाहेर काढता येत नाही, आणि एका दिवसाच्या डिझेलचाच खर्च एवढा की विद्यापीठाच्या बजेटमध्ये बसत नाही. तळाशी बांधलेला रेकॉर्डर पावसाळ्यातही चालू राहतो. अर्थात आवाजाचीही मर्यादा आहे. जो बोलत नाही तो ऐकू येत नाही, माद्या गात नाहीत, आणि एकच नर रात्रभर गायला तर दहा आहेत असं म्हणता येत नाही. डोकी मोजायला फोटो आणि बोट लागतेच. पण कोण आहे, कुठल्या महिन्यात आहे, एवढं कळायला तरी डहाणूपासून कारवारपर्यंत काही ठिकाणी वर्षभर चालणारे रेकॉर्डर हवेत. ते आज नाहीत, आणि बंदरं, रिग, जहाजांचे नवे मार्ग यांचे निर्णय मात्र होत राहतात, इथे देवमासे नाहीत असं धरून.

प्रश्न : ताई मी आठवीत आहे. जर प्राणी दिसतच नाही तर आवाज त्याचाच आहे हे तुम्हाला कसं कळतं?
— विद्यार्थिनी, नाशिक

उत्तर : फार चांगलं विचारलंस. पूर्वी हे खरंच कळत नव्हतं. १९५०-६० च्या काळात अमेरिकन नौदलाच्या हायड्रोफोनवर २० हर्ट्झचे, म्हणजे सेकंदाला वीस कंपनांचे, ठोके यायचे, इतके खालच्या पट्टीतले की माणसाला जेमतेम जाणवतात, आणि इतक्या नियमित अंतराने की हा प्राणी असेल यावर लोकांचा विश्वासच बसेना. काहींना तो शत्रूचा काहीतरी डाव वाटला. शेविल, वॉटकिन्स आणि बॅकस या तिघांनी १९६४ मध्ये तो फिन देवमासा आहे हे दाखवलं. दक्षिणेकडच्या समुद्रात बदकासारखा एक आवाज १९६० च्या दशकापासून पाणबुडीवाल्यांना येत होता, त्याचा मालक अंटार्क्टिक मिंकी देवमासा निघाला पण ते कळायला २०१४ उजाडलं, देवमाशाच्या पाठीवर रेकॉर्डर चिकटवला तेव्हा. स्वीडनमध्ये तर परक्या पाणबुडीचा संशय घेतलेले काही आवाज हेरिंग माशांच्या थव्यातून निघणाऱ्या हवेच्या बुडबुड्यांचे होते.

आता पद्धत अशी की आधी प्राणी डोळ्यासमोर असताना त्याचा आवाज रेकॉर्ड करायचा आणि नमुना म्हणून ठेवायचा. मग आलेल्या रेकॉर्डिंगचं चित्र काढायचं, त्याला स्पेक्ट्रोग्राम म्हणतात, आडव्या अक्षावर वेळ आणि उभ्या अक्षावर आवाजाची उंच-खालची पट्टी, त्यात प्रत्येक आवाजाचा आकार दिसतो. थोड्या सवयीनंतर आकार बघूनच ओळखता येतं. तीन-चार हायड्रोफोन लांब लांब ठेवले तर एकच आवाज प्रत्येकावर किती उशिरा पोचला यावरून तो कुठून आला तेही काढता येतं, हे गणित तू दहावीत गेलीस की तुला समजेल. आता कॉम्प्युटरला नमुने शिकवून तो आधी चाळून देतो. त्याने दिलेलं माणसाने तपासावं लागतं कारण बोटीच्या साखळीचा करकर आवाजही तो कधी देवमासा म्हणून दाखवतो.

प्रश्न : एक रील फिरतंय त्यात म्हणतात की निळा देवमासा जेट विमानापेक्षा मोठ्याने ओरडतो, ५२ हर्ट्झवाला देवमासा जगात सगळ्यात एकटा आहे कारण त्याचा आवाज कुणाला ऐकू येत नाही, आणि ब्लूप नावाचा आवाज कुठल्यातरी राक्षसी प्राण्याचा होता. खरं काय?
— बरेच वाचक

उत्तर : ब्लूप १९९७ मध्ये प्रशांत महासागरात हजारो किलोमीटर लांब असलेल्या हायड्रोफोनवर ऐकू आला होता, आणि तो अंटार्क्टिकाकडे प्रचंड बर्फ तडकल्याचा होता. विषय संपला.

निळा देवमासा १८८ डेसिबल हे बरोबर आहे पण पाण्यातला डेसिबल आणि हवेतला डेसिबल वेगळ्या पायावर मोजतात, तुलना करायची तर पाण्याच्या आकड्यातून साधारण ६२ वजा करायचे. म्हणजे १२६ च्या आसपास. तोही कमी नाही, आणि खालच्या पट्टीमुळे शेकडो किलोमीटर जातो, पण विमानाशी लावलेली तुलना चूक.

५२ हर्ट्झचा आवाज खरा आहे. तो नौदलाच्या हायड्रोफोनवर पहिल्यांदा १९८९ मध्ये आला, आणि अमेरिकेतल्या वुड्स होल समुद्रविज्ञान संस्थेचे विल्यम वॉटकिन्स, वर ज्यांचं नाव आलं तेच, यांनी सहकाऱ्यांसोबत बारा वर्षं त्याचा माग ठेवला, उत्तर प्रशांतमध्ये दर वर्षी, एकाच प्राण्याचा. पण इतर देवमाशांना ५२ हर्ट्झ ऐकू येत नाही याला काही आधार नाही, त्यांची स्वतःची बोली त्याच्या खालीवर पसरलेली असते. त्याची पट्टी वेगळी आहे एवढंच. एकटेपणा आपण त्याच्यावर लादलाय, आणि लोक हळवे होतात ते मी समजू शकते, पण एका देवमाशासाठी रडणाऱ्यांनी ८२ हा आकडाही लक्षात ठेवावा असं वाटतं.

प्रश्न : नोव्हेंबर २०२३ मध्ये गणपतीपुळ्याला देवमाशाचं पिल्लू लागलं होतं, आम्ही सगळे गेलो होतो. लोकांनी, वन खात्याने, कोस्ट गार्डने खूप प्रयत्न केले पण ते वाचलं नाही. जहाजांच्या आवाजामुळे असं होतं असं ऐकलं, खरं आहे का?
— एक वाचक, रत्नागिरी

उत्तर : त्या वेळी किनाऱ्यावर पाणी मारत, ओल्या कापडाने झाकत उभ्या राहिलेल्या सगळ्यांना माझा नमस्कार आहे. पिल्लू आईपासून तुटलं की बहुतेक वेळा वाचत नाही, आजार, जाळ्यात अडकणं, जहाजाची धडक अशी अनेक कारणं असतात. किनाऱ्याला लागलेल्या प्रत्येक देवमाशाचा दोष आवाजाला देता येत नाही.

पण आवाजाने मरतात हेही सिद्ध झालेलं आहे. मार्च २००० मध्ये बहामाजवळ अमेरिकन नौदलाचा सराव चालू असताना १७ देवमासे-डॉल्फिन एकाच सुमाराला किनाऱ्याला लागले, बरेचसे चोचवाले देवमासे, आणि नौदलाने स्वतःच्या अहवालात सोनारचं, म्हणजे पाण्यात आवाज सोडून शोध घेणाऱ्या यंत्राचं, कारण मान्य केलं. जहाजांचा रोजचा घरघराट असा एका दिवसात मारत नाही, तो झिजवतो. याचा पुरावा मिळाला तो अमेरिकेतल्या ११ सप्टेंबर २००१ च्या हल्ल्यानंतर. काही दिवस जहाजांची ये-जा घटली आणि कॅनडाच्या फंडी उपसागरात आवाज ६ डेसिबलने खाली आला. तिथे राइट देवमाशांची विष्ठा गोळा करून अभ्यास आधीपासूनच चालू होता, आणि त्या दिवसांतल्या विष्ठेत ताणाचं हार्मोन कमी सापडलं. रोझलिंड रोलंड यांनी २०१२ मध्ये ते मांडलं. म्हणजे बाकीच्या सगळ्या दिवशी ते प्राणी ताणात असतात, आणि आपल्याला ते नेहमीचं वाटत होतं.

यात उपाय आहे ही माझ्यासाठी मोठी गोष्ट आहे. प्लास्टिक पाण्यात टाकलं तर राहतं, आवाज थांबवला की त्याच क्षणी थांबतो. जहाजाचा वेग थोडा कमी केला तरी आवाज घटतो, पंख्याची पाती नीट, शेवाळ-शिंपले काढून ठेवली तरी घटतो, आणि डिझेलही वाचतं. आंतरराष्ट्रीय सागरी संघटनेने २०१४ मध्ये यासाठी मार्गदर्शक सूचना काढल्या, २०२३ मध्ये सुधारल्या, पण त्या ऐच्छिक आहेत. मुंबई आणि न्हावाशेवासमोर जहाजांची रांग कायम असते, तिथे त्या सक्तीच्या करायला काय हरकत आहे हे बंदर प्रशासनाला विचारलं पाहिजे.

प्रश्न : पावसाळ्यात मशीन पाण्यात ठेवून काही ऐकू येतं का, की नुसता पाऊसच?
— एक वाचक, दापोली

उत्तर : पाऊस येतोच, आणि तो उपयोगी असतो. बारीक थेंब पाण्यावर पडताना खाली इवलासा बुडबुडा अडकतो आणि तो १५ हजार हर्ट्झच्या आसपास वाजतो, मोठे थेंब वेगळे वाजतात. त्यावरून भर समुद्रात, जिथे पर्जन्यमापक ठेवायला जागाच नाही, तिथे पाऊस किती आणि कसा पडला ते काढता येतं. देवमाशाची पट्टी पावसाच्या खूप खाली असते, त्यामुळे तो झाकला जात नाही.

प्रश्न : मी बारावी सायन्सला आहे, मला हेच करायचंय. बायोलॉजी घेऊ की फिजिक्स? घरचे म्हणतात यात नोकरी नाही.
— विद्यार्थी, चिपळूण

उत्तर : दोन्हीतून येतात. माझ्या ओळखीचे निम्मे लोक इलेक्ट्रॉनिक्स, फिजिक्स किंवा कॉम्प्युटरवाले आहेत, प्राणी त्यांनी नंतर शिकले. रत्नागिरीच्या शिरगावला मत्स्य महाविद्यालय आहे ते तुला जवळ आहे, गोवा विद्यापीठात समुद्रविज्ञान आहे, कोचीच्या कुसाटला, म्हणजे तिथल्या विज्ञान-तंत्रज्ञान विद्यापीठात, आहे, आयआयटी दिल्लीत पाण्याखालच्या आवाजांवर काम चालतं, चेन्नईला एनआयओटी ही राष्ट्रीय समुद्र तंत्रज्ञान संस्था आहे आणि गोव्याला एनआयओ. नोकऱ्या कमी आहेत हे घरचे म्हणतात ते खरं आहे, तुला खोटं सांगणार नाही. पण बंदरं, तेलकंपन्या, नौदल, पवनऊर्जा या सगळ्यांना आता पाण्यातला आवाज मोजणारी माणसं लागतात आणि आपल्याकडे ती मोजकीच आहेत.

कॉलेजची वाट न बघता सुरू कर. पामगार्ड हे सॉफ्टवेअर फुकट आहे, ऑडॅसिटी फुकट आहे, देवमाशांची रेकॉर्डिंग्ज इंटरनेटवर मोफत मिळतात, ती उघडून स्पेक्ट्रोग्राम बघायला लाग. थोडं पायथन शिक, कारण डेटा अंगावर येतो. हिशेब करून बघ, रेकॉर्डर सेकंदाला आवाजाची ९६ हजार मोजमापं घेतो, त्यांना नमुने म्हणतात, प्रत्येक दोन बाइटचा, म्हणजे एका दिवसाचे साडेसोळा जीबी. म्हणून आम्ही सलग रेकॉर्ड न करता दर तासाला काही मिनिटंच करतो. आणि सिंधुदुर्गात दिसणारा बिनपंखी पॉरपॉइज, म्हणजे डॉल्फिनसारखा पण पाठीवर पंख नसलेला छोटा प्राणी, ऐकायचा तर तो १ लाख ३० हजार हर्ट्झच्या आसपास टिकटिक करतो, तेव्हा तिथे नमुन्यांचा वेग तिप्पट-चौपट लागतो आणि कार्ड पटापट भरतं. बॅटरी किती, कार्ड किती, कुठला प्राणी सोडायचा आणि कुठला धरायचा, हे कागदावर मांडून बघ आणि मला पाठव, मी तपासून देईन.